पाहणारे पुष्कळ, साक्षीला कोणी नाही

येत्या २६ ऑगस्टला प्रा. हरभजनसिंग सभरवाल यांच्या मृत्यूला वीस वर्षे पूर्ण होतील. उज्जैनच्या माधव महाविद्यालयात ते राज्यशास्त्र विभागाचे प्रमुख होते. विद्यार्थी संघाच्या निवडणुकीवरून २००६ च्या त्या शनिवारी महाविद्यालयात जो धिंगाणा झाला त्यात प्राध्यापकांना मारहाण झाली आणि सभरवाल प्राणास मुकले. नाव अनेकांच्या विस्मरणात गेले असेल, चित्र गेले नसेल. प्राध्यापकांच्या तोंडासमोर नाचणारी बोटे, शिव्या, धमक्या, रेटारेटी आणि आजूबाजूला असलेले पोलीस. चोवीस तासांच्या वृत्तवाहिन्या तेव्हा नुकत्या वयात आल्या होत्या. त्यांनी ती चित्रफीत इतक्या वेळा फिरवली की आपण स्वतः त्या आवारात हजर होतो, असे देशभरातल्या घराघरांत वाटू लागले. राज्यशास्त्र शिकवणारा मास्तर राजकारणाच्या हातून मेला, हे कथानक तसे तयारच होते. दहा दिवसांनी शिक्षक दिन होता, तोही वाहिन्यांच्या कामी आला.

पुढे काय झाले ते मात्र आवर्जून सांगावे लागते. मध्य प्रदेशात खटला निःपक्षपणे चालणार नाही, असे म्हणत सभरवाल यांचा मुलगा सर्वोच्च न्यायालयात गेला. २००८ साली न्यायालयाने खटला राज्याबाहेर, नागपूरला पाठवला. तिथल्या सत्र न्यायालयात एकामागून एक साक्षीदार उलटले. त्यांत महाविद्यालयाचे कर्मचारी होते, पोलीसही होते. जुलै २००९ मध्ये सहाही आरोपी पुराव्याअभावी निर्दोष सुटले. ते एका विद्यार्थी संघटनेचे पदाधिकारी आणि कार्यकर्ते होते, ती संघटना राज्यातल्या सत्ताधारी पक्षाच्या जवळची होती, हे त्या काळी सर्वांना ठाऊक होते. निर्दोष सुटलेल्यांना या स्तंभातून पुन्हा पिंजऱ्यात उभे करण्याची आमची इच्छा नाही. न्यायाधीश समोर आलेल्या पुराव्यावर निकाल देतात, आणि समोर पुरावा आलाच नाही. आमचा प्रश्न निराळा आहे. लक्षावधी लोकांनी जे ‘पाहिले’, ते शपथेवर सांगायला नागपूरच्या त्या खोलीत कोणी का उरले नाही?

पडद्यावर दिसल्या होत्या त्या मुख्यतः धमक्या आणि गोंधळ. उरलेले आपण मनाने भरून काढले होते. न्यायालयाला मनाने भरलेले चालत नाही. कोणाचा हात, कोणता आघात, तू कुठे उभा होतास, किती अंतरावर, हे एकेका माणसाने सांगावे लागते. आणि तो माणूस संध्याकाळी त्याच गावात घरी परततो. दूरचित्रवाणीच्या प्रेक्षकाला परतायचे नसते, तो घरीच असतो. संतापणे त्याला परवडते.

हा प्रकार उज्जैनला नवा नाही, असे म्हणायला हरकत नाही, कारण या नगरीवरचे सर्वांत प्रसिद्ध नाटक याच विषयाचे आहे. शूद्रकाचे ‘मृच्छकटिक’ आपल्या घरात गोविंद बल्लाळ देवलांमुळे आले, आणि संगीत नाटकाच्या वैभवात आपण त्याची गाणी ठेवली, खटला विसरलो. तो खटला पुन्हा वाचण्याजोगा आहे. राजाचा मेहुणा शकार वसंतसेनेचा गळा दाबतो, ती मेली असे समजून खुनाचा आळ चारुदत्तावर घालतो, आणि फिर्यादी बनून न्यायालयात येतो. आज वेळ नाही म्हटल्यावर तो न्यायाधीशालाच दटावतो की मेहुण्याला सांगून तुझ्या जागी दुसरा बसवीन. फिर्याद त्याच दिवशी दाखल होते. चारुदत्ताला वधस्तंभाकडे नेताना चांडाळ जागोजागी थांबतात, नगारा वाजवतात, गुन्हा पुकारतात. खिडक्या-गच्च्यांतून बायामाणसे पाहतात, हळहळतात, रडतात. खाली उतरत कोणी नाही.

एक उतरतो. स्थावरक हा शकाराचा नोकर. खरे काय घडले ते तोच जाणतो, म्हणून मालकाने त्याला बेड्या घालून माडीवर कोंडले आहे. नगाऱ्याचा आवाज ऐकून तो खिडकीतून बेड्यांसकट खाली उडी टाकतो आणि ओरडून सांगतो की चारुदत्त निरपराध आहे. शकार त्याला आधी हातातल्या कड्याची लाच देऊ करतो, मग त्याच कड्यावरून त्याला चोर ठरवतो, आणि लोकांचा विश्वास अर्थातच राजाच्या मेहुण्यावर बसतो. संपूर्ण उज्जयिनीत साक्षीदार एकटा, तोही गुलाम, आणि त्याचे म्हणणे कोणी मानत नाही. चारुदत्त वाचतो तो वसंतसेना जिवंत परतल्यामुळे. शूद्रकाला हा शेवट नाटकात लिहिता आला. सत्र न्यायालयात मयत माणूस परत येत नाही.

तेव्हा ‘आजकाल गुन्ह्याचा तमाशा होतो’ ही तक्रार आम्ही करणार नाही. तमाशा पूर्वीपासून होता आणि लोकांना तो आवडत होता. उज्जैनच्या शेजारच्या इंदूरचे उदाहरण घ्या. १२ जानेवारी १९२५ रोजी मुंबईच्या मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या धनिकाला मोटारीत गोळ्या घालून मारले आणि त्याच्यासोबतच्या मुमताज बेगमला पळवण्याचा प्रयत्न झाला. ही बेगम इंदूरच्या दरबारातून निसटलेली होती आणि धागेदोरे तुकोजीराव होळकरांच्या माणसांपर्यंत गेले. दरबार, नर्तकी, खून, मोटारी, वर मराठी संस्थानिकाचे नाव. त्या काळच्या पत्रांना याहून आणखी काय हवे होते? एका आरोपीच्या बाजूने तर महंमद अली जिना उभे होते. त्याच वर्षी कोहिनूर कंपनीने या प्रकरणावर बेतलेला ‘कुलीन कांता’ हा मूकपट काढला. तिघांना फाशीची शिक्षा सुनावली गेली आणि पुढच्या वर्षी तुकोजीरावांना गादी सोडावी लागली.

एवढी करमणूक होऊनही तो खटला पक्का राहिला. कारण त्या संध्याकाळी गोल्फ खेळून परतणारे काही इंग्रज लष्करी अधिकारी मोटार थांबवून मध्ये पडले, एकाने तर हातातल्या गोल्फच्या दांडक्यानेच हल्लेखोरांना झोडपले, आणि पुढे तेच साक्षीला उभे राहिले. ते गोरे होते, लष्करात होते, त्यांना संस्थानाचे भय नव्हते, हे खरेच. एखाद्या पानवाल्याने तेच केले असते तर त्याचे काय झाले असते ते सांगता येत नाही. तरी क्रम लक्षात घ्यावा. आधी माणसे मध्ये पडली, मग साक्ष झाली. मूकपट त्याच्या आगेमागे आला. करमणुकीने साक्षीची जागा घेतली नव्हती.

ती जागा कशी घेतली गेली, याचे एक कारण अगदी हिशेबी आहे. २००४ च्या सुमारास हिंदी वाहिन्यांवर गुन्हेगारीच्या कार्यक्रमांचे पेव फुटले. ‘सनसनी’चे सूत्रसंचालन करायला रीतसर नाट्यविद्यालयातून शिकलेला नट बसवला गेला, आणि ते योग्यच होते, कारण काम नटाचे होते. पुढे चर्चेचे कार्यक्रम आले. बातमीदार गावोगाव पाठवण्यापेक्षा आठ माणसांना घरून बोलावून भांडायला लावणे फार स्वस्त पडते. २०२० च्या सुमारास प्रेक्षकसंख्या मोजली जायची ती चाळीस-पंचेचाळीस हजार घरांत बसवलेल्या यंत्रांवरून. एवढ्या मोठ्या देशात त्या थोड्या घरांतल्या रिमोटवर जाहिरातीचे कोट्यवधी रुपये ठरत. २०२० च्या ऑक्टोबरात मुंबई पोलिसांनी या मोजणीतच गैरप्रकार झाल्याचा आरोप केला, तेव्हा वृत्तवाहिन्यांचे आकडे जाहीर करणे थांबले, ते थेट २०२२ च्या मार्चमध्ये पुन्हा सुरू झाले. मधल्या सुमारे दीड वर्षात आकड्यांवाचूनही वाहिन्यांचा सूर बदलला नाही, हे नोंदवून ठेवावे. नागपूरच्या न्यायालयात महिनोन्‌महिने बसणारा एक बातमीदार या हिशेबात कुठे बसत नाही. उलटतपासणी कंटाळवाणी असते. तारखा पडतात. न्याय बहुतेक वेळा तिथेच घडतो किंवा बिघडतो.

माध्यमांना हे जमतच नाही, असे मात्र नाही. सभरवाल प्रकरणाच्या त्याच वर्षी, फेब्रुवारी २००६ मध्ये, जेसिका लाल खून खटल्यातले आरोपी दिल्लीत सुटले होते. तेव्हा वाहिन्यांनी मोहीम उघडली, एका साप्ताहिकाने आणि एका वाहिनीने उलटलेल्या साक्षीदारांनाच छुप्या कॅमेऱ्यात पकडले, आणि डिसेंबरात उच्च न्यायालयाने मुख्य आरोपीला दोषी ठरवले. म्हणजे साक्षी का उलटतात हे शोधणे ही बातमी होऊ शकते, लोक ती पाहतातही. पण जेसिका प्रकरण राजधानीतले होते, उच्चभ्रू मेजवानीतले होते, आणि इंडिया गेट मेणबत्त्या लावायला जवळ होते. क्षिप्रेच्या काठचा साठीला टेकलेला प्राध्यापक त्या चित्रात बसत नव्हता.

चौदा वर्षांनी उज्जैन पुन्हा देशाच्या पडद्यावर आले. २०२० च्या जुलैमध्ये कानपूरजवळच्या बिकरू गावात आठ पोलिसांना ठार करणारा विकास दुबे आठवडाभर फरार होता. ९ जुलैच्या सकाळी तो महाकालेश्वराच्या मंदिरात सापडला. अडीचशे रुपयांची पावती फाडून त्याने दर्शन घेतले होते, मंदिराबाहेरच्या हारफुलेवाल्याने त्याला आधी ओळखले. पोलीस पकडून नेत असताना तो कॅमेऱ्यांसमोर ओरडला, ‘मैं विकास दुबे हूं, कानपुर वाला’, आणि मागून एका पोलिसाची चपराक बसली. हा तुकडा देशाने दिवसभर पाहिला. संवाद होता, टाळी होती, पार्श्वभूमीला ज्योतिर्लिंग होते. ज्या देवळाचा जीर्णोद्धार राणोजी शिंद्यांचे दिवाण रामचंद्रबाबा शेणवी यांनी केला, ते अशा कारणाने घरोघरी पोहोचेल, असे कोणाच्या मनात आले नसेल.

त्या रात्री पोलिसांचा ताफा त्याला घेऊन कानपूरकडे निघाला आणि वाहिन्यांच्या गाड्या पाठलाग करू लागल्या. रात्रभर थेट प्रक्षेपण चालले. गाडी उलटणार का, अशी थट्टा आदल्या दिवसापासून सुरू होती. चकमकीची भीती व्यक्त करणारा अर्ज एका वकिलाने त्याच रात्री सर्वोच्च न्यायालयात केला होता. १० जुलैच्या सकाळी कानपूरच्या अलीकडे नाका लावून पत्रकारांच्या गाड्या अडवल्या गेल्या. थोड्याच वेळात भौंतीजवळ पोलिसांची गाडी उलटली, दुबेने पिस्तूल हिसकावून पळण्याचा प्रयत्न केला आणि तो गोळीबारात मारला गेला, असे पोलिसांनी सांगितले. लगेच चित्रपटाच्या घोषणा सुरू झाल्या.

यानंतरचे अधिक महत्त्वाचे आहे, आणि ते फारच थोड्यांनी दाखवले. निवृत्त न्यायमूर्ती बी. एस. चौहान यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाचा अहवाल २०२१ च्या ऑगस्टमध्ये उत्तर प्रदेश विधानसभेत मांडला गेला. पोलिसांच्या कथनाविरुद्ध पुरावा नाही, असा त्याचा निष्कर्ष होता, आणि त्यात असेही नमूद होते की पोलिसांचे म्हणणे खोडून काढायला जनतेतून किंवा माध्यमांतून कोणी पुढे आले नाही. रात्रभर ज्यांनी पाठलाग केला, नाक्यावर आपल्याला का अडवले म्हणून जे कॅमेऱ्यासमोर तावातावाने विचारत होते, त्यांच्यातला एकही माणूस आयोगापुढे शपथेवर उभा राहिला नाही. चकमक खरी असेल किंवा खोटी असेल, आम्ही त्यात पडत नाही. परंतु नाक्यावरची वेळ, अंतर, गाड्यांचे क्रमांक या गोष्टी पत्रकारांखेरीज आणखी कोण सांगू शकले असते? पत्रकाराचा पहिला धर्म साक्षीदाराचा. त्या सकाळी आमच्या व्यवसायाने प्रेक्षकाचा धर्म पाळला.

चित्र आपोआप साक्ष देत नाही, हे दुबेच्या मृत्यूनंतर चारच दिवसांनी, १४ जुलै २०२० रोजी, सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. प्रकरण आपल्या जालन्याचे होते. २०१४ च्या विधानसभा निवडणुकीत अर्जुन खोतकर यांनी उमेदवारी अर्ज वेळ टळल्यावर भरला की नाही, याचा वाद कैलास गोरंट्याल यांनी न्यायालयात नेला होता, आणि पुरावा म्हणून निवडणूक अधिकाऱ्याच्या कचेरीतले चित्रीकरण पुढे आले होते. न्यायालयाने सांगितले की मूळ यंत्र हजर केले नसेल तर अशा चित्रीकरणासोबत कायद्याने सांगितलेला दाखला लागतोच. म्हणजे कोणा एका माणसाने सहीनिशी म्हणावे लागते की हे या यंत्रातून निघाले, असे निघाले. ज्या देशात रोज लाखो चित्रफिती एका मोबाइलमधून दुसऱ्यात जातात, तिथे अशी सही करायला किती जण तयार होतील? चित्रफीत पाठवणे सोपे आहे, तिच्याखाली नाव घालणे अवघड.

२०२३ च्या जुलैमध्ये महाकालाच्या श्रावणातल्या सवारीवर थुंकल्याच्या आरोपावरून उज्जैनमध्ये तीन मुलांना पकडले. दोघे अल्पवयीन, तिसरा अठरा वर्षांचा. दोन दिवसांत एकाच्या घरावर बुलडोझर चालला, आणि पाडकामाच्या वेळी ढोल वाजवले गेले. चांडाळांच्या नगाऱ्याची आठवण आम्हाला इथेच झाली, तीही त्याच नगरीत. ढोलाच्या चित्रफिती देशभर फिरल्या, पुष्कळांनी त्या आनंदाने पुढे धाडल्या. अठरा वर्षांचा मुलगा १५१ दिवस तुरुंगात राहिला. डिसेंबरात उच्च न्यायालयाने त्याला जामीन दिला, कारण फिर्यादी आणि प्रत्यक्षदर्शी म्हणून नोंदवलेला साक्षीदार, दोघेही आपल्या आधीच्या म्हणण्यावर टिकले नव्हते. घर तर आधीच पडले होते. सभरवाल खटल्यात साक्षी उलटल्या म्हणून शिक्षा झाली नाही. इथे साक्ष होण्याआधीच शिक्षा वाजतगाजत पार पडली. दोन्ही वेळा न्यायालय उशिरा पोहोचले आणि प्रेक्षक वेळेवर.

नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा पाडकामांना चाप लावला. पंधरा दिवसांची नोटीस सक्तीची केली, आणि पाडकामाचे चित्रीकरण करून ते जपून ठेवावे असेही सांगितले. कॅमेरा तोच, पण न्यायालयाला तो अभिलेखासाठी हवा आहे.

त्याच २०२३ च्या सप्टेंबरात एक अर्धवस्त्र, रक्तबंबाळ अल्पवयीन मुलगी उज्जैनच्या रस्त्यांवरून मदत मागत फिरली. एका माणसाने तिला हाकलले, अनेकांनी दार उघडले नाही. अखेर एका आश्रमातल्या तरुण पुरोहिताने आपले वस्त्र तिच्या अंगावर घातले आणि पोलिसांना बोलावले. सीसीटीव्हीतले तिचे चालणे वाहिन्यांनी चेहरा पुसट करून दिवसभर चालवले. पीडित मुलाची ओळख उघड करू नये, असे पॉक्सो कायद्याचे २३ वे कलम सांगते. चेहरा पुसला की कायदा पाळला, अशी आमच्या धंद्याची समजूत आहे. पुढच्या सप्टेंबरात शहराच्या कोयला फाटक भागात भरदिवसा पदपथावर एका स्त्रीवर बलात्कार होत असताना येणाऱ्या-जाणाऱ्यांनी मोबाइल काढले. चित्रीकरण करून ते पसरवणाऱ्यालाही पोलिसांनी नंतर अटक केली. याबद्दल अधिक लिहिण्यासारखे काही नाही.

उज्जैनकरांना यासाठी वेगळे दोषी धरायला आम्ही महाराष्ट्रातले कोण? सुशांतसिंह राजपूतच्या मृत्यूनंतर २०२० चा तो सबंध पावसाळा आपण कसा घालवला ते आठवावे. जानेवारी २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाला वाहिन्यांना सांगावे लागले की तपास चालू असताना समांतर खटला चालवणे हे न्यायाच्या कामात ढवळाढवळ करणे आहे. आणि २०२२ च्या जूनमधले सत्तांतर? आमदार सुरतेला गेले, तिथून गुवाहाटीला गेले, सरकार पडले. त्यातले आपल्याला काय आठवते? शहाजीबापू पाटलांची झाडी, डोंगार आणि हाटील. त्याची गाणी झाली, वरातींत वाजली. ११ मे २०२३ रोजी घटनापीठाने निकाल दिला की राज्यपालांनी बहुमत चाचणीसाठी बोलावणे कायद्याला धरून नव्हते, पण मुख्यमंत्र्यांनी आधीच राजीनामा दिल्यामुळे जुने सरकार परत आणता येत नाही. हे वाक्य किती जणांच्या ओठांवर आहे? राज्यातल्या मतदारांच्या दृष्टीने तेच सर्वांत मोलाचे होते. पण त्याला चाल लागत नव्हती.

गजानन माधव मुक्तिबोध हे मराठी घरातले, उज्जैनच्या पोलीस खात्यातल्या वडिलांचे चिरंजीव. पुढे नागपुरात ‘नया खून’ साप्ताहिकात त्यांनी पत्रकारी केली. सभरवाल खटला ज्या वाटेने गेला, त्याच वाटेने कवी आधी गेला होता. त्यांच्या ‘अंधेरे में’ या दीर्घ कवितेत रात्री एक मिरवणूक निघते. तिच्यात मंत्री आहेत, उद्योगपती आहेत, विद्वान आहेत, शहरातले नामांकित पत्रकार आहेत, आणि त्यांच्याच रांगेत एक कुख्यात खुनी. कवितेतल्या माणसाने हे पाहिले, एवढ्यासाठीच ते त्याला मारायला धावतात. १९६४ साली मुक्तिबोध गेले तेव्हा पाहणे धोक्याचे होते. आता मिरवणूक भरदिवसा निघते, थेट प्रक्षेपणासह, आणि पाहणाऱ्याला कोणी हात लावत नाही. पाहणाऱ्यांची भीती सत्तेला उरलेली नाही. तिला भीती आहे ती पाहून सांगणाऱ्याची, आणि त्याचा बंदोबस्त ती आजही चोख करते.

म्हणून करमणूक बंद करा, चर्चा बंद करा असे उपदेश आम्हाला निरुपयोगी वाटतात. ते ऐकले जाणार नाहीत, आणि ऐकले गेले तरी नागपूरच्या खोलीतला साक्षीदार एकटाच राहील. त्याच्यासाठी व्यवस्था आहे, ती वापरात आणली पाहिजे. ५ डिसेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजनेला मंजुरी दिली आणि तिला कायद्याइतके बळ दिले. नव्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३९८ व्या कलमाने तर प्रत्येक राज्याला अशी योजना जाहीर करणे भाग पाडले आहे. प्रत्येक जिल्ह्यात यासाठी समिती असते. जिल्हा व सत्र न्यायाधीश अध्यक्ष, जिल्ह्याचे पोलीस प्रमुख सदस्य, सरकारी वकिलांचे प्रमुख सदस्य सचिव. धमकी आलेल्या साक्षीदाराने किंवा त्याच्या घरच्यांनी या समितीकडे अर्ज करायचा असतो. त्यावर पोलीस उपअधीक्षक दर्जाचा अधिकारी धोक्याचा अहवाल देतो. पहारा, साक्षीच्या वेळी पडद्याआड बसण्याची सोय, नाव-पत्ता गुप्त ठेवणे, गरज पडली तर दुसरीकडे राहायची व्यवस्था, एवढे सगळे त्या योजनेत आहे.

वाहिन्यांच्या रात्रीच्या भांडणात या समितीचे नाव निघालेले आमच्या कानी आलेले नाही. आपल्या जिल्ह्यातल्या समितीकडे गेल्या वर्षी किती अर्ज आले, किती मंजूर झाले, हा प्रश्न कोणाही बातमीदाराला माहिती अधिकारात दहा रुपयांत विचारता येतो. २०२८ साली उज्जैनला सिंहस्थ आहे. त्यासाठी शहरात कॅमेऱ्यांचे नवे जाळे उभे राहील, करोडो माणसे येतील आणि प्रत्येकाच्या खिशात आणखी एक कॅमेरा असेल. तोपर्यंत हा अर्ज उज्जैनमध्ये आणि नागपूरमध्येही कोणीतरी करावा. उत्तर आले तर आम्ही ते याच पानावर छापू.